भूगोलाची ओबीसी जागा खुली झाली, रिट करायची का?

ताई, तुमचा प्रश्न इतरांनाही कळावा म्हणून आधी थोडक्यात मांडतो. तुम्ही ओबीसी प्रवर्गातल्या, भूगोलात एम.ए., नेट आणि पीएच.डी. केलेल्या, आणि गेली काही वर्षे तासिका तत्त्वावर शिकवणाऱ्या. तुमचे विद्यापीठ राज्य सरकारचे. २०१९ च्या जाहिरातीत भूगोल विभागात सहायक प्राध्यापकाची दोन पदे होती, एक खुले आणि एक ओबीसी. ती भरती पूर्ण झालीच नाही. आता तीच दोन पदे पुन्हा निघाली आहेत आणि दोन्ही खुली दाखवली आहेत. सहकारी म्हणतात, "तुझी जागा खाल्ली, सरळ रिट टाक." तुम्ही विचारता की जागा परत मिळेल का, आणि अर्ज भरावा की आधी कोर्टात जावे.

मी उच्च न्यायालयात सेवाविषयक प्रकरणे चालवतो. उमेदवारांच्या बाजूने उभा राहिलो आहे, तसाच विद्यापीठांच्या बाजूनेही. त्यामुळे अशा फाइली दोन्ही टोकांकडून पाहिल्या आहेत. जाहिरात वाचून ठाम उत्तर देणाऱ्यावर विश्वास ठेवू नका, कारण जाहिरातीत फक्त शेवटचा आकडा असतो. तो आकडा बिंदुनामावलीतून येतो, म्हणजे कितवे पद कोणत्या प्रवर्गाला जाईल हे क्रमाने ठरवणाऱ्या तक्त्यातून, आणि वाद नेहमी तिथे असतो.

"भूगोलाची ओबीसी जागा कुठे गेली?" असा प्रश्न तुम्हाला पडणे साहजिक आहे, पण कायद्याला तो असा विचारता येत नाही. विचारायचे ते हे: २०१९ मध्ये बिंदुनामावलीचे एकक कोणते होते, आज कोणते आहे, आणि आजच्या एककात सहायक प्राध्यापक संवर्गात (त्या दर्जाच्या पदांच्या गटात) ओबीसींच्या वाट्याची सगळी पदे भरलेली किंवा जाहिरातीत दाखवलेली आहेत का? यातला शेवटचा भाग "नाही" असा निघाला तर तुमच्या हाती खटला आहे. "हो" निघाला आणि राखीव बिंदू विषयांना वाटण्यातही गडबड नसली, तर भूगोलाची दोन्ही पदे खुली असूनही विद्यापीठाने बेकायदा काही केलेले नसेल.

एकक म्हणजे टक्केवारी लावताना एकत्र मोजायची पदे: एकेका विषयाची की संपूर्ण संस्थेची. त्यावर एवढी भांडणे का झाली, ते नीट समजून घ्या. पुढचे सगळे त्यावर उभे आहे.

महाराष्ट्रात या वादाचे मूळ नागपूर विद्यापीठाच्या प्रकरणात आहे. त्या विद्यापीठाने अध्यापकांची अनेक पदे एकत्र जाहीर केली, त्यातली इतकी राखीव असे एकगठ्ठा सांगितले, पण कोणत्या विषयातले कोणते पद राखीव ते सांगितलेच नाही. १९९० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे चुकीचे ठरवले. राखीव पद कोणत्या विषयात आहे हे आधी कळले नाही तर उमेदवाराने अर्ज कशासाठी करायचा? शिवाय निवड समितीला मुलाखतीनंतर सोयीने ठरवायला मोकळीक मिळते. त्या जाहिरातीतून नेमलेल्या अध्यापकांच्या सेवा संपवण्याचा निर्णयही न्यायालयाने कायम ठेवला. दोष विद्यापीठाचा आणि नोकऱ्या गेल्या शिकवणाऱ्यांच्या. मी जाहिरात निघाल्या निघाल्या हरकत घ्या असे प्रत्येकाला सांगतो, त्याचे एक कारण हा निकाल आहे.

पुढे या निकालाच्या आधारे विषय हेच एकक, हा विचार बळावला. त्याला जोड मिळाली ती एकाकी पदांच्या निकालांची. चंदीगडच्या पदव्युत्तर वैद्यकीय संस्थेच्या प्रकरणात १९९८ मध्ये घटनापीठाने सांगितले की संवर्गात पदच एक असेल तर ते फिरत्या पद्धतीनेही राखीव ठेवता येणार नाही, कारण तसे केले तर त्या वेळी शंभर टक्के आरक्षण होते. कर्नाटकातल्या गोविंदप्पा प्रकरणात हाच नियम महाविद्यालयातल्या विषयांना लागला. इतिहासाचा अध्यापक भौतिकशास्त्र शिकवू शकत नाही, पदे एकमेकांत बदलता येत नाहीत, म्हणून प्रत्येक विषय हा वेगळा संवर्ग, असा तो युक्तिवाद आहे. ऐकायला तो बिनतोड वाटतो.

केंद्रीय विद्यापीठांत मात्र २००६ पासून विद्यापीठ अनुदान आयोगाच्या मार्गदर्शक सूचनांप्रमाणे संपूर्ण विद्यापीठ हे एकक धरून दोनशे बिंदूंची नामावली चालत होती. बनारस हिंदू विद्यापीठाच्या एका जाहिरातीला आव्हान दिले गेले आणि एप्रिल २०१७ मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाने त्या सूचनांमधला हा भाग रद्द करून विभागनिहाय आरक्षण करायला सांगितले. न्यायालयाला खटकले ते असे की विद्यापीठ एकक धरले तर एखाद्या विभागात सगळी पदे राखीव आणि दुसऱ्यात सगळी खुली, असे होऊ शकते. तुमच्या तक्रारीचे बीज नेमके यात आहे. ५ मार्च २०१८ ला आयोगाने त्याप्रमाणे परिपत्रक काढले. सरकार आणि आयोग सर्वोच्च न्यायालयात गेले, २२ जानेवारी २०१९ ला त्यांच्या याचिका फेटाळल्या गेल्या आणि फेब्रुवारीअखेर पुनर्विलोकन याचिकाही फेटाळली गेली. मग देशभर 'तेरा बिंदू' (लहान संवर्गाची नामावली) हा शब्द गाजला, ५ मार्चला भारत बंद झाला आणि ७ मार्च २०१९ ला केंद्राने अध्यादेश काढला. जुलैमध्ये त्याचा कायदा झाला.

तेरा बिंदूंवर एवढा संताप का झाला, ते हिशेब मांडल्याशिवाय कळत नाही. केंद्राच्या लहान संवर्गाच्या नामावलीत ओबीसींचा पहिला बिंदू चौथा, अनुसूचित जातींचा सातवा आणि अनुसूचित जमातींचा चौदावा. आता वीस विभाग घ्या, प्रत्येकात सहायक प्राध्यापकाची सहा पदे. विभाग हे एकक धरले तर पहिल्या फेरीत प्रत्येक विभागात ओबीसींचे एक, म्हणजे एकूण वीस. अनुसूचित जातींना शून्य, जमातींना शून्य. तीच १२० पदे एका नामावलीत मांडा. पंधरा टक्क्यांनी अनुसूचित जातींची १८, साडेसात टक्क्यांनी जमातींची ९, सत्तावीस टक्क्यांनी ओबीसींची ३२. पद रिकामे होईल तसा पुढचा बिंदू येतो, हे खरे. पण प्राध्यापक एकदा लागला की तीसेक वर्षे त्याच पदावर असतो. सातवा बिंदू यायला विभागातला कुणीतरी निवृत्त व्हावा लागतो, आणि चौदावा बिंदू बघायला त्या विभागाच्या दोन पिढ्या सराव्या लागतात.

महाराष्ट्रात हे आणखी तीव्र होते, कारण आपली टक्केवारी बारीक तुकड्यांत विभागलेली आहे. २००४ पासून लागू असलेल्या राज्याच्या आरक्षण कायद्यात अनुसूचित जाती १३, अनुसूचित जमाती ७, विमुक्त जाती (अ) ३, भटक्या जमाती (ब) अडीच, (क) साडेतीन, (ड) २, विशेष मागास प्रवर्ग २ आणि ओबीसी १९ टक्के आहेत. दोन टक्के म्हणजे पन्नासांत एक. पाच-सहा पदांच्या विभागात त्या प्रवर्गाचा उमेदवार वाट बघण्यातच म्हातारा होईल. म्हणूनच विषय एकक की संवर्ग एकक यावर आपल्याकडेही मधल्या काळात बरीच ओढाताण झाली आणि अखेर शैक्षणिक संस्थांतील शिक्षक संवर्गाच्या आरक्षणाचा २०२१ चा राज्य कायदा आला. केंद्राच्या कायद्याच्याच धर्तीवर तो संस्था हे एकक धरतो. शिक्षक संवर्ग म्हणजे, केंद्राच्या कायद्याच्या शब्दांत सांगायचे तर, विषय किंवा विद्याशाखा कोणतीही असो, समान वेतनश्रेणीत असलेले संस्थेतले सगळे शिक्षक.

माझे मत विचाराल तर विधिमंडळांनी योग्य केले. विषय बदलता येत नाहीत हे खरे, पण आरक्षण हे विषयाला नसते, सार्वजनिक नोकरीतल्या वाट्याला असते. पगार एक, दर्जा एक, नेमणूक करणारा अधिकारी एक असताना वाटा मोजायला विभागाच्या भिंती घालणे म्हणजे टक्केवारी कागदावर ठेवून पदे शून्य करणे होय. मात्र या पद्धतीला किंमत आहे आणि आज ती तुम्हाला मोजावी लागते आहे, हेही मी नाकारत नाही. एकूण वाटा शाबूत राहतो, पण तुमच्या विषयात तो येईलच याची हमी जाते.

तर तुमच्या बाबतीत बहुधा असे झाले असावे: २०१९ ची जाहिरात विषयनिहाय नामावलीवर होती, भूगोलात ओबीसी बिंदू आला. नवा कायदा आला, सगळ्या विषयांची सहायक प्राध्यापकांची पदे एका नामावलीत पुन्हा मांडली गेली, आणि राखीव बिंदू दुसऱ्या विषयांवर पडले. जुन्या जाहिरातीतून तुमची निवड झालेली नव्हती. निवड झालेल्या उमेदवारालासुद्धा नेमणुकीचा अबाधित हक्क नसतो, असे शंकरसन दाश प्रकरणात १९९१ मध्ये घटनापीठाने सांगितले आहे. नुसती जाहिरात निघाल्यावरून तर हक्क सांगताच येत नाही. तेव्हा "२०१९ मध्ये होती म्हणून आताही हवी" हा मुद्दा रिटमध्ये पहिला घेऊ नका. न्यायमूर्ती दोन मिनिटांत तो बाजूला ठेवतील आणि मग तुमच्या चांगल्या मुद्द्याकडेही त्याच नजरेने बघतील.

चांगला मुद्दा असलाच तर तो गोषवाऱ्यात सापडेल. बिंदुनामावलीच्या शेवटी हा तक्ता असतो: प्रवर्गनिहाय मंजूर पदे, भरलेली, रिक्त, अनुशेष, आणि कुठे जास्त भरली असतील तर अतिरिक्त. विभागीय आयुक्त कार्यालयातला मागासवर्ग कक्ष नामावली तपासून त्यावर शिक्का मारतो. त्यामुळे कागद दोन ठिकाणी असतो. माहिती अधिकाराचा एक अर्ज विद्यापीठाच्या जन माहिती अधिकाऱ्याकडे आणि दुसरा आयुक्तालयाकडे, दोन्ही एकाच दिवशी द्या. मागायचे ते असे: सहायक प्राध्यापक संवर्गाची तपासलेली बिंदुनामावली, गोषवारा, तपासणीचे पत्र, आणि राखीव बिंदू कोणत्या विषयाला द्यायचा हे ज्या टिपणीने ठरले ती टिपणी. उत्तराची मुदत ३० दिवसांची आहे आणि जाहिरातीची मुदत बहुतेक वेळा त्याआधी संपते. म्हणून त्याच दिवशी कुलसचिवांना लेखी निवेदनही द्या आणि त्याची पोच घ्या. पुढे "या बाईंनी वेळेत हरकत घेतलीच नाही" असे कुणाला म्हणता येणार नाही.

गोषवारा हाती आला की सोपे गणित करा. उदाहरणापुरते समजा, संवर्गात २०० पदे आहेत. एकोणीस टक्क्यांनी ओबीसींची ३८. भरलेली ३० दाखवली आहेत, म्हणजे आठ रिकामी. जाहिरातीत सगळ्या विषयांत मिळून ओबीसींची पदे आठ असतील तर प्रश्न मिटला. पाच असतील तर तीन पदांचा हिशेब विद्यापीठाने द्यायला हवा. इथे घाई करू नका, कारण हिशेब देता येतो असे एक कारण आहे. राज्य शासन सगळी रिक्त पदे भरायला एकदम परवानगी देत नाही, काही टक्केच देते. मग आठांपैकी पाचच निघाली असतील. अशा वेळी मी एक गोष्ट बघतो. परवानगी मिळालेल्या पदांत खुल्यांचे आणि राखीवांचे प्रमाण रिक्त पदांच्या प्रमाणातच आहे का? खुली पदे सगळी काढली आणि काटछाट फक्त राखीव पदांत केली, असे दिसले तर तो भक्कम मुद्दा आहे.

'भरलेली ३०' हा आकडा जसाच्या तसा मान्य करू नका. सगळ्यात जास्त दोष मला याच रकान्यात सापडले आहेत, म्हणून इथे थोडा वेळ थांबतो. पहिला दोष असा की खुल्या पदावर गुणवत्तेने निवडलेला मागासवर्गीय शिक्षक नामावलीत राखीव बिंदूवर बसवलेला असतो. इंद्रा साहनी निकालापासून (१९९२) आणि सभरवाल निकालापासून (१९९५) हे स्पष्ट आहे की असा शिक्षक राखीव वाट्यात मोजायचा नाही. तरीही कारकून नावापुढची जात बघून त्याला राखीव बिंदूवर टाकतात आणि ओबीसींचे एक पद भरल्याचे दिसते. हे पकडायला त्या शिक्षकाचा नेमणूक आदेश आणि त्या वेळची जाहिरात लागते. नावे माहीत असतील तर तेवढेच आदेश मागा, सरसकट मागितले तर टाळाटाळ होते.

दुसरा दोष पदोन्नतीच्या शिक्षकांचा. सहायक प्राध्यापक म्हणून लागलेली व्यक्ती करिअर अॅडव्हान्समेंट योजनेत सहयोगी प्राध्यापक, पुढे प्राध्यापक होते. ही बढती वैयक्तिक असते, पद मुळात सहायक प्राध्यापकाचेच राहते आणि ती व्यक्ती निवृत्त झाली की पद मूळ संवर्गात परत येते, असे आयोगाच्या विनियमांत लिहिलेले आहे. काही नामावल्यांत अशांची नावे वरच्या संवर्गात सरकवलेली असतात. मग खालच्या संवर्गातली एकूण पदे कमी दिसतात, आणि त्यावर काढलेली एकोणीस टक्केही कमी येतात. एका विद्यापीठाच्या प्रकरणात हा एवढाच मुद्दा पुरला. प्रतिज्ञापत्र दाखल करताना त्यांच्याच आस्थापना विभागाच्या लक्षात आले आणि निकालाआधीच शुद्धिपत्रक निघाले.

तिसरी गोष्ट दोष नाही, पण तुमच्या विरुद्ध जाऊ शकते. पूर्वीच्या भरतीत ओबीसींची पदे वाट्यापेक्षा जास्त भरली गेली असतील तर ती अतिरिक्त धरली जातात आणि पुढच्या रिक्त जागांत समायोजित होतात. गोषवाऱ्यात 'ओबीसी अतिरिक्त' असे दिसले आणि त्याला कागदाचा आधार असला, तर मी तुम्हाला खर्चात पडू नका असेच सांगेन. अनेकांना वाटते की आर्थिक दुर्बल घटक आणि २०२४ च्या कायद्याने आलेले सामाजिक व शैक्षणिक मागास वर्गाचे दहा टक्के यांनी ओबीसींची जागा कमी केली. तसे नाही. ओबीसींचे एकोणीस टक्के तेवढेच आहेत, कमी झाला तो खुला वाटा. २०२४ चा कायदा उच्च न्यायालयात आव्हानाखाली आहे. त्याच्या निकालाने नामावल्या पुन्हा हलतील, पण तुमचा बिंदू त्यावर अवलंबून नाही.

आता बिंदू कोणत्या विषयाला गेला, या भागाकडे येऊ. एकूण आकडा बरोबर असूनही इथे गडबड होऊ शकते. राखीव बिंदू विषयांना वाटण्याची पद्धत आधी ठरलेली, लिहिलेली आणि सगळ्यांना सारखी लागू असली पाहिजे. पद रिक्त झाल्याच्या तारखेने असो किंवा शासनाने सांगितलेल्या दुसऱ्या क्रमाने असो, त्या वेळी लागू असलेला आदेश काय म्हणतो ते बघा आणि भूगोलाच्या दोन्ही पदांच्या तारखा लावून तपासा. क्रमाने भूगोलावर येणारा बिंदू उचलून जिथे उमेदवारच मिळत नाहीत अशा एखाद्या विषयावर टाकलेला दिसला, तर माझ्या दृष्टीने ही सगळ्यात गंभीर बाब आहे. कागदावर आरक्षण पूर्ण, आणि प्रत्यक्षात 'योग्य उमेदवार आढळला नाही' असा शेरा मारून पद वर्षानुवर्षे रिकामे. अशी पदे पुढे खुली करण्याचा मोह होतो. जानेवारी २०२४ मध्ये आयोगाच्या मसुद्यात तशी वाट दिसली, तेव्हा केवढा विरोध झाला आणि केंद्राला एकही पद अनारक्षित होणार नाही असा खुलासा करावा लागला, ते तुम्हाला आठवत असेल.

अर्ज भरावा का? भरा, आणि मुदतीच्या आत भरा. याबद्दल मला शंका नाही. खुले पद म्हणजे उरलेल्यांचा कोटा नव्हे. ते सगळ्यांना खुले असते आणि तिथे गुणवत्तेवर निवड होते, हे डिसेंबर २०२० मध्ये सौरव यादव प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा ठासून सांगितले. त्या निकालाचा तुम्हाला आणखी एक उपयोग आहे. दोनपैकी एखादे पद समांतर आरक्षणात, म्हणजे प्रवर्गाच्या आतच ठेवलेल्या वाट्यात, महिलांसाठी असेल, तर 'खुला, महिला' या पदावरही ओबीसी महिलेचा विचार गुणवत्तेवर करावाच लागतो. पूर्वी आपल्याकडे अशा अर्जदारांना दारातूनच परत पाठवत. कुणी आजही तसे केले तर लेखी कारण मागा. एकच अट तपासून घ्या. पदव्युत्तर परीक्षेत ५५ टक्के हवेत. राखीव प्रवर्गांना पाच टक्क्यांची सवलत आहे, पण सवलत घेऊन पात्र ठरणाऱ्याला खुल्या पदावर दावा सांगता येत नाही. तुम्हाला ५५ च्या वर असतील तर काही अडचण नाही. अर्जात प्रवर्ग ओबीसी असाच लिहा, जात वैधता आणि चालू मुदतीचे नॉन-क्रिमीलेयर प्रमाणपत्र जोडा. शुद्धिपत्रक निघून पद राखीव झाले तर ते कागद त्या तारखेला हातात असायला हवेत.

अर्ज भरला म्हणजे आव्हान देण्याचा हक्क गेला का? लोकांना ही भीती वाटते आणि ती अगदीच निराधार नाही. मदनलाल प्रकरणापासून (१९९५) न्यायालये सांगत आली आहेत की मुलाखतीला बसून, निवड झाली नाही म्हणून मग प्रक्रियेला नावे ठेवता येणार नाहीत. २०१९ मध्ये मीता सहाय प्रकरणात याला मर्यादा घातली गेली. भाग घेणारा उमेदवार विहित प्रक्रिया मान्य करतो, त्यातला बेकायदेशीरपणा नव्हे, असे तिथे म्हटले आहे. पण हा अपवाद सिद्ध करत बसण्यापेक्षा क्रम सुधारणे सोपे. अर्ज भरा, त्यासोबत किंवा लगेच नंतर हरकतीचे निवेदन द्या, त्यात "माझे हक्क अबाधित ठेवून अर्ज करत आहे" असे लिहा, आणि याचिका करायचीच असेल तर मुलाखतीच्या तारखेआधी दाखल करा. निवड यादी लागल्यावर आलेल्या याचिकेकडे न्यायालय वेगळ्या नजरेने पाहते. आणि तोवर निवड झालेल्यांना प्रतिवादी करावे लागते, नाही केले तर त्यावरच याचिका अडकते.

याचिका राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात होते. विद्यापीठ न्यायाधिकरणाकडे जाऊ नका, ते सेवेतल्या कर्मचाऱ्यांच्या अपिलांसाठी आहे, अर्जदारांसाठी नाही. विद्यापीठ ज्या जिल्ह्यात, त्यावरून मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर किंवा ऑगस्ट २०२५ पासून सुरू झालेले कोल्हापूरचे सर्किट बेंच. सामान्य तत्त्व असे की आरक्षण ठेवाच, असा आदेश न्यायालय सरकारला देत नाही. उत्तराखंडच्या मुकेश कुमार प्रकरणात २०२० मध्ये तसे म्हटले आहे आणि विद्यापीठाचे वकील तो निकाल दाखवतीलच. त्यावर उत्तर असे की तुम्ही नवे आरक्षण मागत नाही. विधिमंडळाने कायद्याने बंधनकारक केलेल्या टक्केवारीचा हिशेब मागत आहात.

आता मागणी काय करायची, यावर माझा आग्रह आहे आणि तो मी अशिलांशी वाद घालून धरतो. संपूर्ण भरतीला स्थगिती मागू नका. ती कधी कधी मिळतेही, आणि मिळाली की सगळ्यांचे नुकसान होते. त्याच जाहिरातीत अनुसूचित जमातीचे, भटक्या जमातीचे, दिव्यांगांचे राखीव पद असते. वर्षानुवर्षे वाट पाहिलेल्या एखाद्या उमेदवाराचे वय त्यात निघून जाते. विभाग पुन्हा तासिका तत्त्वावरच्या शिक्षकांवर चालतो, आणि त्यातल्या तुम्हीही एक आहात. विद्यापीठांना स्थगितीचा फारसा त्रास होत नाही, त्यांचा पगारावरचा खर्च वाचतो. म्हणून मागा एवढेच: तपासलेली बिंदुनामावली न्यायालयासमोर ठेवावी, भूगोलातले एक पद निकालापर्यंत रिकामे ठेवावे, आणि ते शक्य नसेल तर त्यावरची नेमणूक याचिकेच्या निकालाच्या अधीन असल्याचे नेमणूक आदेशात लिहावे. अशी आटोपशीर मागणी न्यायालय लवकर मान्य करते. निम्म्या प्रकरणांत तर नामावली समोर आली की वाद तिथल्या तिथे मिटतो.

हे सगळे राज्य विद्यापीठाच्या विभागाबद्दल झाले. इतर कुणी हे वाचत असेल तर परिस्थिती बदलली की उत्तर बदलते, हे ध्यानात ठेवा. केंद्रीय विद्यापीठाला २०१९ चा केंद्राचा कायदा आणि केंद्राची टक्केवारी लागते. त्या कायद्याच्या अनुसूचीतल्या संस्था, उदाहरणार्थ मुंबईची होमी भाभा राष्ट्रीय संस्था, आणि अल्पसंख्याक संस्था त्यातून वगळलेल्या आहेत. अनुदानित महाविद्यालयात आधी संस्था अल्पसंख्याक दर्जाची आहे का हे बघा, मग महाविद्यालय एकक आहे का ते. विमुक्त आणि भटक्या जमातींच्या चार प्रवर्गांना राज्याच्या कायद्यात परस्पर अदलाबदल आहे, म्हणजे (ड) चा पात्र उमेदवार त्याच भरतीवर्षात मिळाला नाही तर (अ), (ब) किंवा (क) मधला घेता येतो. या प्रवर्गातल्यांनी 'उमेदवार आढळला नाही' हा शेरा दिसताच हा मुद्दा लगेच मांडावा. आणि ज्यांचा जातीचा दाखला दुसऱ्या राज्याचा आहे, त्यांना तो महाराष्ट्रातल्या राखीव पदासाठी चालत नाही. शेठ जी. एस. वैद्यकीय महाविद्यालयाच्या प्रकरणापासून, म्हणजे १९९० पासून, हे ठरलेले आहे.

ताई, गोषवारा मिळाला की ओबीसींची मंजूर, भरलेली आणि जाहिरातीतली पदे असे तीन आकडे, आणि भूगोलाची दोन्ही पदे रिक्त झाल्याच्या तारखा इथे लिहा. शिक्षकांची नावे झाका, त्यांची इथे गरज नाही. मुलाखतीची तारीख लागली असेल तर तीही कळवा. तीन आठवड्यांपेक्षा कमी वेळ उरला असेल, तर माहिती अधिकाराच्या उत्तराची वाट न बघता तुमच्या वकिलांना निवेदनाची पोच आणि दोन्ही जाहिराती घेऊन भेटा. नामावली सादर करण्याचा आदेश न्यायालयाकडूनच मागता येतो.